पडदा कोणी धरला आहे? : मराठी साहित्यातील आवरणाची प्रतीके – गुपित, अपराधभाव आणि अस्मिता

प्रस्तावना

साहित्यात वस्त्र हे केवळ वर्णनाचे साधन नसते. पात्राच्या अंगावरील एखादे वस्त्र पुष्कळदा त्या पात्राच्या मनाविषयी, त्याच्या समाजातील स्थानाविषयी आणि समाज त्याच्याकडे कोणत्या नजरेने पाहतो याविषयी अधिक बोलते. त्यातही चेहरा किंवा मस्तक झाकणारे वस्त्र हे विशेष अर्थवाही प्रतीक होय. झाकणे या क्रियेतच एक द्वंद्व आहे. जे झाकले जाते तिकडेच पाहणाऱ्याचे लक्ष वेधले जाते. ‘झाकली मूठ सव्वा लाखाची’ ही म्हण याच अनुभवातून आली आहे.

इंग्रजी साहित्याच्या अभ्यासक्रमात या प्रतीकाची चर्चा बहुधा नॅथॅनिएल हॉथॉर्न या अमेरिकन कथाकाराच्या ‘द मिनिस्टर्स ब्लॅक व्हेल’ (१८३६) या कथेच्या निमित्ताने होते. मराठीच्या अध्यापनात मात्र पदर, बुंथी, अंतरपाट, आलवण, बुरखा आणि रंगमंचावरील पडदा या सर्वांचा एकत्रित विचार सहसा केला जात नाही. वास्तविक मराठीत आवरणाची परंपरा ज्ञानदेवांपासून तेंडुलकरांपर्यंत अखंड आहे. ही परंपरा पाश्चात्त्य परंपरेहून वेगळा प्रश्न विचारते, असे प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन आहे. हॉथॉर्नचा वाचक ‘पडद्यामागे काय आहे?’ असे विचारतो. मराठी साहित्यातील महत्त्वाच्या कृती मात्र ‘पडदा कोणी धरला आहे?’ असे विचारतात.

या विषयाची चर्चा सोनई परिसरातून करण्यास एक औचित्यही आहे. ज्या नेवासे तालुक्यात सोनई वसले आहे, त्याच नेवाशात शके १२१२ मध्ये (इ. स. १२९०) ज्ञानेश्वरी सांगितली गेली. सोनईपासून जवळच असलेले शनिशिंगणापूर हे घरांना दारे न लावण्याच्या परंपरेसाठी सर्वदूर ओळखले जाते. तेथे दाराच्या जागी पुष्कळदा साधा कापडी पडदा असतो. तो चोराला अडवू शकत नाही, तरीही घराची मर्यादा तो सांगतो. आवरणाचे सामर्थ्य कापडाच्या जाडीत नसून ते मानणाऱ्या समाजाच्या मनात असते, हे ध्यानात येण्यास एवढे एक उदाहरण पुरेसे आहे.

मराठी भाषेतील आवरणाची शब्दसंपदा

भाषेतील वाक्प्रचार हे समाजमनाचे दफ्तर असते. मराठीत एकट्या ‘पदर’ या शब्दाभोवती किती अर्थ गुंफले गेले आहेत हे पाहण्यासारखे आहे. याचना करणारी स्त्री पदर पसरते, कामाला लागणारी पदर खोचते, आई लेकराला पदराखाली घेते, आणि पदराला खार लागला म्हणजे आपले नुकसान होते. पदर ढळणे हा शिष्टाचाराचा भंग मानला जातो. समीक्षेच्या परिभाषेतही आपण ‘या कवितेला अर्थाचे अनेक पदर आहेत’ असे म्हणतो. म्हणजेच अर्थ ही झाकून ठेवलेली आणि हळूहळू उलगडत जाणारी गोष्ट आहे, ही कल्पना आपण नकळत स्त्रीच्या वस्त्रावरून उचलली आहे.

‘पडदा’ आणि ‘बुरखा’ या शब्दांची छटा निराळी आहे. एखाद्या प्रकरणावर पडदा टाकला जातो, ढोंगी माणसाचा बुरखा फाडला जातो, आणि आप्ताच्या अपराधावर पांघरूण घातले जाते. येथे आवरणाचा संबंध थेट अपराधाशी जोडलेला आहे. स्त्रीच्या संदर्भातील आवरण ‘मर्यादा’ ठरते आणि अपराधाच्या संदर्भातील आवरण ‘लबाडी’ ठरते. एकाच कृतीचे हे दोन अर्थ परस्परांत मिसळतात तेव्हा काय घडते, याचे चित्रण आधुनिक मराठी साहित्याने केले आहे.

संतसाहित्य : आवरण आणि गुपित

वेदान्तात मायेच्या दोन शक्ती सांगितल्या आहेत. आवरणशक्ती वस्तू झाकते, तर विक्षेपशक्ती तिच्या जागी दुसरेच काही भासवते. भगवद्गीतेच्या सातव्या अध्यायात योगमायेने आवृत असल्यामुळे आपण सर्वांना प्रकट होत नाही, असे श्रीकृष्ण सांगतात. या विचाराला ज्ञानदेवांनी जे वळण दिले ते मोठे मार्मिक आहे. चांगदेवांनी मायना काय लिहावा हे न सुचल्याने कोरेच पत्र पाठविले, अशी परंपरागत कथा आहे. त्या पत्राचे उत्तर मानल्या गेलेल्या ‘चांगदेव पासष्टी’च्या आरंभीच परमात्मा स्वतः लपून जग दाखवितो आणि प्रकट झाला की तेच जग गिळून टाकतो, असा विचार येतो. पुढे वस्त्र आणि त्याची घडी यांचा दृष्टान्त आहे. घडी घातलेल्या वस्त्राला झाकणारे घडीहून निराळे असे काही नसते, कारण घडी म्हणजे वस्त्रच होय. ‘अमृतानुभवा’तील ‘अज्ञानखंडन’ हे दीर्घ प्रकरण याच भूमिकेचा विस्तार करते. अज्ञान नावाची स्वतंत्र वस्तू नाही, मग ती ज्ञानाला झाकणार कशी, असा त्याचा रोख आहे.

साहित्याच्या दृष्टीने यातून एक महत्त्वाची गोष्ट निष्पन्न होते. संतांच्या लेखी आवरणामागे कोणताही अपराध नाही. देव लपतो तो खेळासाठी. त्यामुळे आवरण दूर होण्याचा क्षण हा लज्जेचा नसून आनंदाचा असतो. डोईवरून पांघरलेल्या वस्त्राला जुन्या मराठीत ‘बुंथी’ म्हणत. संतकाव्यात हा शब्द निर्गुणाने घेतलेल्या सगुण वेषासाठी रूपक म्हणून वापरला गेला.

तत्त्वज्ञानातील हे रूपक प्रत्यक्ष स्त्रीदेहावर आले ते जनाबाईंच्या अभंगात. डोईवरचा पदर खांद्यावर आला तरी आपण भर बाजारातून जाणार, हा त्यांचा निर्धार महाराष्ट्रात सर्वश्रुत आहे. नामदेवांच्या घरची दासी असलेल्या या कवयित्रीने येथे दोन पातळ्यांवर आवरण दूर सारले आहे. एक आवरण जीव आणि शिव यांच्यातील, तर दुसरे लोकलाजेचे. पहिले आवरण दूर करण्याचा अधिकार संतपरंपरेने सर्वांना दिला होता. दुसऱ्या आवरणाविषयी पुरुष संतांना बोलण्याची गरज पडली नाही, कारण ते त्यांच्या डोक्यावर नव्हतेच. जनाबाईंना मात्र पहिल्यापर्यंत पोहोचण्यासाठी दुसरे ओलांडावे लागले.

गुपिताचा आणखी एक प्रकार याच काळाशी निगडित आहे. महानुभाव पंथीयांनी आपले ग्रंथ सकळ, सुंदरी यांसारख्या सांकेतिक लिप्यांत लिहून ठेवले. येथे व्यक्तीवर नव्हे, तर अक्षरांवरच आवरण घातले गेले. विसाव्या शतकाच्या आरंभी वि. का. राजवाडे यांनी सकळ लिपीचा उलगडा केला आणि कित्येक शतके पंथाबाहेरच्यांना बंद असलेले गद्यपद्याचे मोठे भांडार अभ्यासकांसाठी खुले झाले. या आवरणाने साहित्य दडविले, तसे ते जपलेही. म्हणून सर्वच गुप्तता अपराधाची निदर्शक असते, असे मानता येत नाही.

हॉथॉर्नचा काळा पडदा : तुलनेसाठी एक बिंदू

हॉथॉर्नच्या कथेतील धर्मोपदेशक हूपर एके दिवशी चेहऱ्यावर काळे तलम वस्त्र घेऊन प्रार्थनामंदिरात येतो आणि मरेपर्यंत ते दूर करीत नाही. त्याने कोणते पाप केले, की काहीच केले नाही, हे लेखक सांगत नाही. त्याची वाग्दत्त वधू एलिझाबेथ कारण विचारते, उत्तर न मिळाल्याने त्याला सोडून जाते आणि अखेरच्या आजारात मात्र शुश्रूषेसाठी त्याच्या उशाशी असते. मृत्युशय्येवरील हूपरला भोवतालच्या प्रत्येक चेहऱ्यावर तसाच काळा पडदा दिसतो. प्रत्येक मनुष्य आपले पाप लपवून जगतो, पण ज्याने लपविण्याची खूण उघडपणे धारण केली त्यालाच समाज भितो, हे या कथेचे मर्म होय.

येथे दोन बाबी लक्षात घेण्याजोग्या आहेत. पहिली अशी की हूपरने पडदा स्वेच्छेने घेतला आहे. दुसरी अशी की अपराधभाव हा व्यक्ती आणि ईश्वर यांच्यामधील विषय आहे. ‘द स्कार्लेट लेटर’ (१८५०) या कादंबरीत हॉथॉर्नने समाजाने लादलेली खूण रंगविली. हेस्टर प्रिनच्या छातीवर लाल अक्षर सर्वांना दिसते आणि तिचा सहअपराधी धर्मोपदेशक डिम्सडेल मात्र सन्मानाच्या आड लपून राहतो. मराठी साहित्यातील आवरणाचे नाते हूपरपेक्षा हेस्टरशी अधिक जवळचे आहे.

आलवण : अपराधाविना शिक्षा

एकोणिसाव्या शतकातील महाराष्ट्रात ब्राह्मण आणि तत्सम जातींमध्ये पतिनिधनानंतर स्त्रीचे केशवपन करून तिला आलवण नेसविले जाई. लाल रंगाचे हे वस्त्र आणि मुंडित मस्तकावरून ओढलेला त्याचा पदर यांनी तिची ओळख कायमची निश्चित होई. काळा पडदा घेणाऱ्या हूपरच्या पापाविषयी वाचकाला शंका तरी घेता येते. आलवण नेसणाऱ्या बालविधवेने कोणतेच पाप केलेले नाही हे सर्वांना ठाऊक असते. तरीही पतीचा मृत्यू हा जणू तिच्याच पूर्वकर्माचा अपराध मानून तिला अपराधिनीचा वेष दिला जाई. म्हणजे येथे आवरणाखाली अपराध नाही. आवरणानेच अपराध निर्माण केला आहे.

मराठीतील पहिली कादंबरी मानली जाणारी बाबा पदमनजी यांची ‘यमुनापर्यटन’ (१८५७) विधवांच्या स्थितीचेच निरूपण करते. हरि नारायण आपटे यांच्या ‘पण लक्षांत कोण घेतो?’ या कादंबरीत हा विषय नायिका यमू हिच्या स्वतःच्या निवेदनातून येतो. सासरी तिच्यावर लादलेले केशवपन हा त्या कादंबरीतील सर्वांत दाहक प्रसंग होय. आपट्यांनी प्रथमपुरुषी निवेदन योजले, हा केवळ तंत्राचा भाग नव्हे. समाज बाहेरून केवळ आलवण पाहत होता. निवेदनाच्या या निवडीमुळे वाचक प्रथमच पदराच्या आतून बाहेर पाहू लागला. शीर्षकातील प्रश्नही हेच विचारतो की झाकलेल्या या दुःखाकडे लक्ष देणार कोण?

कादंबरीने जे कल्पनेने साधले ते आत्मकथनांनी प्रत्यक्षात आणले. धोंडो केशव कर्वे यांच्याशी १८९३ मध्ये पुनर्विवाह करणाऱ्या आनंदीबाई कर्वे यांचे ‘माझे पुराण’ आणि त्यांच्या भगिनी पार्वतीबाई आठवले यांची ‘माझी कहाणी’ ही दोन्ही पुस्तके या दृष्टीने शेजारी ठेवून वाचावीत. थोरल्या बहिणीने विवाहाने वैधव्याचा वेष टाकला. धाकटीने पुनर्विवाह केला नाही, संस्थेच्या कार्यासाठी दारोदार हिंडली, आणि केशवपनाची रूढी पुढे स्वतःच्या विचाराने सोडली. केस वाढविणे एवढी साधी क्रिया तिच्या आयुष्यात वैचारिक निर्णय ठरते. आपल्यावर घातलेले आवरण आपले नाही, हे ओळखण्यासाठी किती काळ आणि किती धैर्य लागते, याचा हा दस्तऐवज आहे.

ताराबाई शिंदे यांनी ‘स्त्रीपुरुषतुलना’ (१८८२) लिहिली त्यामागे सुरतेतील एका तरुण विधवेवर चाललेला भ्रूणहत्येचा खटला होता. स्त्रीच्या माथी येणारे दोष पुरुषांत नाहीत काय, हा ताराबाईंचा प्रश्न म्हणजे आवरणाची दिशाच उलट करणे होय. स्त्रीचा पदर ढळल्याची चर्चा करणारा समाज पुरुषाच्या अपराधावर पांघरूण कसे घालतो, हे त्यांनी उघड केले.

अंतरपाट आणि मानवी पडदा : रंगभूमीवरील आवरण

विवाहविधीत वधूवरांमध्ये अंतरपाट धरला जातो आणि मंगलाष्टके संपताच तो दूर होतो. हे मराठी जीवनातील सर्वांत मंगल आवरण. परंतु रामदास स्वामी ‘सावधान’ हा शब्द ऐकून अंतरपाटाआडूनच निघून गेले, ही परंपरागत कथा अंतरपाटाला निर्णयाच्या उंबरठ्याचे रूप देते. गो. ब. देवल यांच्या ‘संगीत शारदा’ (१८९९) या नाटकात वृद्ध भुजंगनाथाशी ठरलेला शारदेचा विवाह वधूवर सगोत्र असल्याचे सत्य उघड झाल्यामुळे मोडतो. येथे अंतरपाटाआड धनलोभ आणि लबाडी दडलेली आहे. ज्या वस्त्राने दोन जिवांची पहिली भेट घडवावी, त्याच वस्त्राआड एका मुलीचा सौदा चालला आहे, हे प्रेक्षकांना दिसते.

विजय तेंडुलकर यांच्या ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ (१९६७) या नाटकात प्रत्यक्ष वस्त्राचे आवरण नाही. तेथे खेळ हेच आवरण आहे. लुटुपुटीच्या खटल्याच्या निमित्ताने लीला बेणारे या अविवाहित शिक्षिकेचे खासगी आयुष्य चव्हाट्यावर आणले जाते. भ्रूणहत्येचा आरोप आधी खेळाचा असतो आणि मग खरा होत जातो. प्रा. दामले मात्र रंगमंचावर येतच नाहीत. त्यांची अनुपस्थिती हाच त्यांचा पडदा. हेस्टर आणि डिम्सडेल यांच्याशी तुलना केली तर फरक स्पष्ट होतो. डिम्सडेल अखेरीस सर्वांसमोर आपला अपराध कबूल करतो. दामल्यांना तशी गरजच भासत नाही, कारण त्यांच्यासाठी पडदा धरणारा अवघा समाज उभा आहे.

हाच विचार ‘घाशीराम कोतवाल’मध्ये दृश्यरूप घेतो. १६ डिसेंबर १९७२ रोजी पुण्यात जब्बार पटेल यांच्या दिग्दर्शनाखाली या नाटकाचा पहिला प्रयोग झाला. ओळीने उभे राहून गाणारे, डोलणारे ब्राह्मण हाच तेथे पडदा असतो. प्रसंगानुरूप ही रांग भिंत होते, समुदाय होते आणि जे दिसू नये ते झाकणारे आवरणही होते. तिच्या मुखी भजनाचे सूर असतात आणि तिच्या पाठीशी अनाचार चाललेला असतो. मराठी साहित्यातील आवरणाच्या प्रतीकाचा हा परमोच्च बिंदू मानावा लागेल. येथे पडदा आणि तो धरणारे हात वेगळे राहिलेले नाहीत. समाज अपराधावर पडदा टाकतो, असे म्हणण्याऐवजी समाज स्वतःच पडदा झाला आहे, असे तेंडुलकर दाखवितात. ज्ञानदेवांच्या दृष्टान्तात वस्त्र आणि घडी एक होती, येथे समाज आणि पडदा एक आहेत. रूपकाची रचना तीच, परंतु तेथे आवरण ही लीला होती, येथे ती सामुदायिक अपराधाची साक्ष आहे.

पदर, काठ आणि टोपणनाव : अस्मितेचा प्रश्न

आवरण केवळ लपवीत नाही, ते ओळखही देते. बेबी कांबळे यांच्या ‘जिणं आमुचं’ (१९८६) या आत्मकथनात साडीच्या काठाचा उल्लेख येतो. महार स्त्रियांनी लुगड्याचे काठ दिसणार नाहीत अशा रीतीने निऱ्यांत दडवून नेसावे, असा दंडक होता. वरच्या जातीचा पुरुष वाटेत भेटल्यास रस्त्याच्या कडेला होऊन अंग पदराने झाकून घ्यावे लागे. उच्चवर्णीय स्त्रीचा पदर ही तिच्या घराण्याची प्रतिष्ठा होती, दलित स्त्रीचा पदर ही तिच्या हीनत्वाची सक्तीने घेतलेली कबुली होती. म्हणजे एकाच वस्त्राचा अर्थ ते नेसणारीच्या जातीप्रमाणे बदलत होता. १९२७ च्या डिसेंबरात महाड येथे डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी स्त्रियांना लुगडे नेसण्याची जुनी पद्धत सोडण्याचे आवाहन केले आणि स्त्रियांनी ते तत्काळ कृतीत आणले. वस्त्र नेसण्याच्या पद्धतीत अस्मितेचा केवढा प्रश्न सामावलेला असतो, याचे याहून स्पष्ट उदाहरण क्वचितच सापडेल.

याच आत्मकथनाच्या निर्मितीमागेही एक गुपित आहे. बेबीताईंनी आपले लेखन सुमारे वीस वर्षे घरच्यांपासून लपवून ठेवले होते. ज्या स्त्रीने समाजाने घातलेली आवरणे उघड केली, तिला आपली वही मात्र झाकून ठेवावी लागली.

विभावरी शिरूरकर या टोपणनावाचा विचारही येथेच करावा लागतो. ‘कळ्यांचे निःश्वास’ (१९३३) या कथासंग्रहाने सुशिक्षित अविवाहित स्त्रीच्या मनातील घुसमट मांडली आणि ही लेखिका कोण, याची महाराष्ट्रभर चर्चा झाली. बाळूताई खरे, म्हणजेच पुढील काळातील मालतीबाई बेडेकर, यांच्यासाठी टोपणनाव हा बुरखाच होता. तो मात्र त्यांनी स्वतः निवडलेला होता आणि त्यामुळेच त्यांना मोकळेपणाने बोलता आले. चेहरा झाकल्याने आवाज मोकळा झाला, हा आवरणाचा विरोधाभास येथे प्रकर्षाने जाणवतो.

मुस्लिम स्त्रीच्या बुरख्याविषयी लिहिताना हे भान विशेष आवश्यक आहे. ‘बुरखा फाडणे’ हा वाक्प्रचार सहजपणे वापरणारी आपली भाषा त्या वस्त्राविषयी आधीच निकाल देऊन मोकळी होते. १८ एप्रिल १९६६ रोजी हमीद दलवाई यांच्या पुढाकाराने मुंबईत सात मुस्लिम स्त्रियांनी तोंडी तलाकाविरुद्ध मोर्चा काढला. मेहरुन्निसा दलवाई यांचे ‘मी भरून पावले आहे’ हे आत्मकथन त्या चळवळीतील एका स्त्रीच्या दृष्टीने वाचावयास मिळते. वस्त्राविषयीचा निर्णय कोणाचा, हा प्रश्न येथेही त्या वस्त्राइतकाच महत्त्वाचा आहे.

निष्कर्ष

१. मराठी संतसाहित्यात आवरण हे ईश्वरी लीलेचे प्रतीक आहे. त्यामागे अपराधभाव नाही. जनाबाईंनी या प्रतीकाला सामाजिक अर्थ प्राप्त करून दिला.

२. आधुनिक मराठी साहित्यात आवरण बहुधा समाजाने लादलेले असते. आलवणासारखे वस्त्र अपराध लपवीत नाही, तर निरपराध व्यक्तीवर अपराध आरोपित करते.

३. खरा अपराध ज्या आवरणाआड दडतो ते वस्त्राचे नसून प्रतिष्ठेचे, विधीचे आणि समूहाचे असते. ‘घाशीराम कोतवाल’मधील मानवी पडदा हे त्याचे समर्थ दृश्यरूप होय.

४. आवरणाचा अर्थ ते धारण करणाऱ्याची जात, लिंग आणि निवडीचे स्वातंत्र्य यांवर अवलंबून असतो. स्वेच्छेने घेतलेले आवरण प्रसंगी अभिव्यक्तीचे साधनही ठरते.

अखेरीस अध्यापनाच्या दृष्टीने एक गोष्ट नमूद करावीशी वाटते. ग्रामीण महाविद्यालयांत सकाळी आसपासच्या गावांतून येणाऱ्या अनेक विद्यार्थिनी संपूर्ण चेहऱ्याला स्कार्फ गुंडाळून येतात. ऊन आणि धूळ ही त्याची कारणे आहेतच. पण कोणी ओळखू नये, घरी काही बाही सांगितले जाऊ नये, हेही कारण कित्येकदा असते. वर्गाच्या दाराशी त्या स्कार्फ सोडतात, घडी घालून पिशवीत ठेवतात आणि मग बाकावर बसून ‘पण लक्षांत कोण घेतो?’ किंवा जनाबाईंचा अभंग अभ्यासतात. हे प्रतीक त्यांना टिपणांतून शिकविण्याची गरज नाही, ते त्यांच्या पिशवीत आहे. त्या स्कार्फविषयी त्यांना उपदेश न करता, त्याविषयी त्यांना स्वतःला काय म्हणावयाचे आहे ते ऐकून घेण्यापासून या पाठाला आरंभ करावा. आपण प्राध्यापकही त्या पडद्याचे एखादे टोक धरून उभे आहोत की काय, हे त्यातून आपल्यालाही तपासून पाहता येईल.